स्क्रिप्ट देऊन टाकू की स्वतः डायरेक्ट करू? – वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात पटकथेवर लिहिलं तेव्हापासून कोकणातून बरीच पत्रं आणि मेसेज आलेत आणि बहुतेकांचा सूर एकच, लिहितोय, आता स्वतःची फिल्म स्वतःच डायरेक्ट करायचीय, पण सुरुवात कुठून? त्यातले काही प्रश्न इथे घेतेय. नावं मुद्दाम गाळलीत, गाव तेवढं ठेवलंय.

प्रश्न (कुडाळ): ताई, मी मुंबईत डेली सोपसाठी संवाद लिहितो, गाव कुडाळजवळ. माझी स्वतःची बाउंड (संवादांसह पूर्ण लिहिलेली) स्क्रिप्ट तयार आहे, गावच्या घराच्या वाटणीवरची. दोन प्रोड्यूसरना नॅरेशन दिलं, दोघांनाही आवडली, पण दोघंही म्हणतात स्क्रिप्ट आम्हाला द्या, डायरेक्टर आम्ही आणतो, लेखक म्हणून तुमचं नाव येईल. मी आजवर काहीच डायरेक्ट केलेलं नाही आणि पैशाचीही गरज आहे. काय करू?

उत्तर: ही स्क्रिप्ट देऊ नका. दुसरी लिहा आणि ती द्या, तिसरी लिहा आणि तीही द्या, पण वाटणीची ही गोष्ट जर तुम्हालाच करायची असेल तर ती हातची सोडू नका. डायरेक्टर म्हणून तुमच्याकडे आज शोरील (आधीच्या कामाचे नमुने) नाही, क्रू नाही, पैसा नाही, ओळखीही लेखक म्हणूनच. तुमच्याकडे आहे ती फक्त दोन माणसांना हवी असलेली एक स्क्रिप्ट, आणि टेबलावर तुमचं ऐकलं जाईल ते तिच्याच जोरावर. एकदा सही करून ती दिलीत की नंतर सेटवर चहा प्यायला बोलावतील, शॉट कुठे लावायचा ते विचारणार नाहीत.

पैशाचं म्हणाल तर सीरियल सोडू नका. मी हे अगदी मनापासून सांगतेय कारण नोकरी सोडून फिल्म करायला निघालेली आणि सहा महिन्यांत भाडं थकलं म्हणून तीच स्क्रिप्ट मिळेल त्या भावात दिलेली मुलं मी बघितलीत. एपिसोड लिहिण्याचे पैसे येत राहिले तरच तुम्ही 'नाही' म्हणू शकता.

आता प्रोड्यूसरच्या बाजूने बघा. पैसे त्याचे आहेत, त्याची भीती खोटी नाही. ती भाषणाने जात नाही, दाखवल्याने जाते. त्याच घरात, त्याच माणसांच्या जगात घडणारी दहाएक मिनिटांची एक शॉर्ट फिल्म करा, मोठ्या फिल्ममधला सीन उचलून नको, वेगळी गोष्ट घ्या, पण बघणाऱ्याला कळलं पाहिजे की ह्या माणसाला ही पडवी, हे माजघर आणि इथलं बोलणं दाखवता येतं. त्याच्यासोबत मोठ्या स्क्रिप्टचं शॉट डिव्हिजन (कुठला सीन कुठल्या शॉटमध्ये घेणार ते), कच्चं शेड्युल, आणि अनुभवी डीओपी (छायाचित्रणाचा प्रमुख) आणि फर्स्ट एडी (सेट आणि वेळापत्रक सांभाळणारा मुख्य सहाय्यक दिग्दर्शक) कोण असणार ते कागदावर घेऊन जा. नवीन डायरेक्टरच्या मागे मुरलेला फर्स्ट एडी उभा असला की प्रोड्यूसर निम्मा शांत होतो.

हा रस्ता लोकांनी चालून दाखवलाय. नागराज मंजुळे यांनी फँड्रीच्या आधी पिस्तुल्या ही शॉर्ट फिल्म केली आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चैतन्य ताम्हाणे यांनी आधी शॉर्ट फिल्म आणि नाटक केलं, मग कोर्ट स्वतः लिहून स्वतः डायरेक्ट केली, तिला २०१४ ला व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात पुरस्कार मिळाले. तिचे प्रोड्यूसर विवेक गोंबर, त्यांनीच त्यात वकिलाची भूमिकाही केलीय, म्हणजे प्रोड्यूसर नेहमी मोठ्या ऑफिसात बसलेलाच असतो असं नाही, तुमच्या ओळखीतला तुमच्या लिखाणावर विश्वास असलेला एखादा माणूसही असू शकतो. रोहन कानवडे तर इंटिरिअर डिझाइन शिकलेले, फिल्म स्कूल नाही, एकामागून एक शॉर्ट फिल्म करत गेले, आणि त्यांच्या साबर बोंडं या मराठी फिल्मला २०२५ ला अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात वर्ल्ड सिनेमा ड्रामॅटिक विभागाचा ग्रँड ज्युरी पुरस्कार मिळाला. ह्या तिघांनीही डायरेक्ट केलेली स्क्रिप्ट त्यांची स्वतःची होती, हे लक्षात घ्या.

आणि एक, सीरियलमध्ये शिकलेलं कमी समजू नका. आर्टिस्टच्या डेट्स बघून रातोरात सीन बदलणं, एका लोकेशनमध्ये सहा सीन बसवणं, एपिसोड बँक (तयार एपिसोडचा साठा) संपली की पहाटेपर्यंत बसून लिहिणं, हे सगळं इंडी, म्हणजे छोट्या स्वतंत्र फिल्मच्या, सेटवर रोज लागतं. जे सोडायला लागेल ते म्हणजे सगळं बोलून सांगायची सवय. सीरियल बघणारी बाई भाकऱ्या थापत ऐकत असते म्हणून तिथे प्रत्येक गोष्ट तोंडाने सांगावी लागते, फिल्मला अंधारात बसलेला माणूस बघत असतो. त्यासाठी तुमच्या सीरियलच्या एडिटरला विनंती करा आणि सुट्टीच्या दिवशी त्याच्या मागे गप्प बसा. तुम्ही लिहिलेल्या सीनमधल्या कुठल्या ओळी तो पहिल्यांदा कापतो ते बघा. लेखकाला डायरेक्शन एडिट टेबलवर जेवढं लवकर कळतं तेवढं कुठेच कळत नाही असं माझं ठाम मत आहे.

प्रश्न (देवगड): माझ्या स्क्रिप्टमध्ये निम्मे सीन किनाऱ्यावर आणि बंदरात आहेत. क्रू आठ-दहा माणसांचा, बजेट अगदीच कमी. आपलाच गाव आहे म्हणून परमिशनची चिंता नाही, बाकी काय बघायला हवं?

उत्तर: परमिशनची चिंता करा, तिथूनच सुरुवात करते. गाव आपला असला तरी जेट्टी आणि बंदर मेरिटाइम बोर्डाकडे असतं, आणि सिंधुदुर्ग, विजयदुर्ग हे किल्ले पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात, तिथे कॅमेरा लावायला त्यांची लेखी परवानगी लागते आणि ती एका दिवसात मिळत नाही. गोरेगावच्या चित्रनगरीतून एक खिडकी परवानगीची सोय आहे, तिथे आधी चौकशी करा, शिवाय ग्रामपंचायतीला आणि पोलीस स्टेशनला पत्र द्या. ड्रोन उडवणार असाल तर त्याचे नियम वेगळे, गावातल्या लग्नात उडवतात म्हणून आपणही उडवू असं करू नका.

पण तुमच्या स्क्रिप्टला खरा धोका पाण्याचा आहे. भरती-ओहोटीची वेळ रोज साधारण ५० मिनिटांनी पुढे सरकते, हे देवगडच्या माणसाला मी काय सांगायचं, पण शेड्युल करताना हीच गोष्ट सगळे विसरतात. सोमवारी सकाळी सातला ओहोटी आहे, ओल्या वाळूवर बाप-लेक चालत जातायत, सुंदर शॉट मिळाला. उरलेले क्लोजप पुढच्या सोमवारी त्याच वेळेला लावले तर ती ओली वाळू पाण्याखाली गेलेली असते, कारण आठवड्याने त्याच वेळेला चित्र जवळजवळ उलटं होतं. एक तर सगळा सीन एकाच ओहोटीत संपवा नाहीतर साधारण पंधरा दिवसांनी परत या. अमावस्या-पौर्णिमेला उधाण असतं, अष्टमीच्या आसपास भांग (लहान भरती), म्हणजे पाणी किती वर येणार तेही बदलतं. मुंबईहून आलेल्या एडीला हे माहीत नसणार, गावातल्या एखाद्या जाणत्या खलाश्याला पैसे देऊन रोज सोबत ठेवा आणि कॉल टाइम (सेटवर हजर व्हायची वेळ) ठरवताना त्याला विचारा. त्याचं नाव क्रेडिटमध्येही द्या.

बंदरातले सीन असतील तर १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते हे धरा. तुम्हाला होड्या किनाऱ्यावर ओढून ठेवलेल्या, झाकलेल्या हव्या असतील तर तो काळ उत्तम, पण पाऊस आहे. ट्रॉलर आत येतोय, टोपल्या उतरतायत, लिलाव चाललाय असा सीन लिहिला असेल तर तो त्या दोन महिन्यांत मिळणारच नाही. लेखकच डायरेक्टर असण्याचा फायदा इथे आहे बघा, तुम्ही सीनच बदलू शकता. लिलाव न दाखवता बंद पडलेल्या बर्फाच्या कारखान्यात तोच व्यवहार बोलता येईल का, आणि कदाचित तो जास्त चांगला होईल, हे ठरवायला तुम्हाला कोणाला फोन करावा लागत नाही.

आवाजाचं तर अजिबात हलक्यात घेऊ नका. समुद्राची गाज कानाला छान वाटते पण प्रत्येक टेकमध्ये ती वेगळी असते, एडिटमध्ये दोन टेक जोडले की आवाज उडी मारतो. सिंक साउंड, म्हणजे शूट करतानाच खरा आवाज रेकॉर्ड, करणार असाल तर दर लोकेशनला, दर वेळेला, सगळ्यांना गप्प उभं करून दोन-तीन मिनिटं नुसती गाज रेकॉर्ड करून घ्या. बजेट कमी असेल तर कॅमेरा साधा घ्या, साउंड रेकॉर्डिस्ट चांगला घ्या.

प्रश्न (रत्नागिरी): दोन वर्षांपूर्वी एका प्रोड्यूसरला कथा-पटकथा दिली, थोडे पैसे मिळाले, एक दोन पानी करार झाला. फिल्म झालीच नाही. आता ती मला स्वतःला करायचीय. तो फोन उचलत नाही. माझे हक्क गेले का?

उत्तर: गेले असं धरून बसू नका, आधी तो कागद शोधून काढा आणि नीट वाचा. कॉपीराइट कायद्याच्या कलम १९ मध्ये असं आहे की ज्याला हक्क दिले त्याने ते एका वर्षात वापरलेच नाहीत तर ते दिलेले हक्क संपले असं मानलं जातं, पण करारात वेगळं काही लिहिलं नसेल तरच. म्हणून तुमच्या दोन पानांत मुदत लिहिलीय का, 'कायमचे' किंवा 'मुदत कितीही' असं काही घातलंय का, ते बघायला हवं. मुदतच लिहिलेली नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, मात्र न वापरल्याची एक वर्षाची अट वेगळी आहे, ती दोन्ही एकत्र कशी लागू होतात ते वकिलाकडून समजून घ्या आणि त्याच्याकडूनच रीतसर नोटीस पाठवा. फोन करत राहू नका, मेल करा, म्हणजे तारीख राहते.

पुढच्या वेळेसाठी सांगते. स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे मेंबर व्हा, स्क्रिप्ट तिथे ऑनलाइन रजिस्टर होते, कोणत्या तारखेला काय लिहिलेलं होतं याचा पुरावा राहतो. कुणाला स्क्रिप्ट द्यायचीच असेल तर कायमची देऊ नका, ठरावीक महिन्यांसाठी पैसे घेऊन ऑप्शन द्या, मुदत संपली की स्क्रिप्ट आपोआप परत तुमची. आणि डायरेक्ट करायची इच्छा असेल तर ते तोंडी ठरवू नका, 'डायरेक्टर मीच' ही ओळ पहिल्या पानावर पाहिजे. रॉयल्टीचा हक्क सोडून देतोय असं कोणी लिहून घेत असेल तर २०१२ च्या दुरुस्तीनंतर थिएटरबाहेरच्या वापरासाठीचा तो हक्क लेखकाला असा सोडून देताच येत नाही, तरीही अजून असे कागद पुढे येतात, सही करायच्या आधी थांबा.

प्रश्न (चिपळूण): वय ४३, शाळेत शिक्षिका आहे, एकांकिका लिहिते, स्पर्धेत बसवतेही. फिल्मचं शिक्षण नाही. उशीर झाला का?

उत्तर: नाही. एकांकिका बसवलीय म्हणजे नटांसोबत कसं काम करायचं ते तुम्हाला येतं, आणि पहिल्यांदा डायरेक्ट करणारे बहुतेक लेखक नेमके तिथेच अडखळतात. तुम्हाला शिकायचंय ते कॅमेरा कुठे ठेवायचा आणि कधी कापायचं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे छोटे कोर्स असतात, मे महिन्याच्या सुट्टीत जमणारा एखादा बघा, आणि तोवर मोबाइलवर घरातलंच तीन मिनिटांचं काहीतरी शूट करून स्वतः एडिट करा. करून झालं की मला लिंक पाठवा, मी नक्की बघेन.

प्रश्न (वेंगुर्ला): आमचो ग्रुप दशावतारी कलाकार घेऊन फिल्म करूक बघता. मी लिहिलंय, मीच डायरेक्ट करणार. 'डायलॉग कमी करा' म्हणान सगळे सांगतत, पण खय कमी करूचे ता कोण सांगना नाय.

उत्तर: हा प्रश्न वाचून मला फार आनंद झाला, कारण तुमच्या हातात जे कलाकार आहेत त्यांच्यासारखे कुठे मिळत नाहीत. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात, प्रसंग ठरतो आणि राजा, राक्षस, नारद उभ्या उभ्या बोलतात, समोरच्याने टाकलेला शब्द तिथल्या तिथे उचलतात. अशा माणसाला तुम्ही पाठ करायला कागद दिलात की तो चांगला नट राहत नाही, परीक्षेला बसलेला मुलगा होतो. म्हणून स्क्रिप्ट तुमच्याकडे ठेवा, त्यांना प्रसंग सांगा. ह्या सीनमध्ये तुला काय हवंय, समोरचा ते का देत नाही, आणि कुठली एक ओळ आलीच पाहिजे, एवढंच. दोन-तीनदा तालीम करून मोबाइलवर रेकॉर्ड करा आणि ते जे बोलले त्यातून सीन परत लिहा. लेखक म्हणून हे जड जातं, आपली आवडती वाक्यं जातात, पण मालवणी बोलण्याचा जो ठसका त्यांच्या तोंडून येतो तो टेबलावर बसून येत नाही.

आता डायलॉग खय कमी करायचे. एक करून बघा. समजा आई मुलाला विचारतेय, तू जमीन विकायचा कागद सही केलास का, आणि तुम्ही दीड पान लिहिलंय. आईला खळ्यात बसवा, समोर कापा फणस, विळी, वाटीत खोबरेल. ती हाताला तेल लावते, विळीला लावते, फणस फोडते, गरे काढते. मुलगा बोलायला लागतो. ती बघत नाही. चिक बोटांना चिकटलाय, ती तो पावेवर, फणसाच्या मधल्या दांड्यावर, पुसते. मुलगा 'सही केली' म्हणतो. ती पुढचा गरा काढते, आठळी वेगळी करते, गरा त्याच्या पुढ्यातल्या ताटात ठेवते आणि मग एकच वाक्य बोलते. ते वाक्य कुठलं ते तुम्ही ठरवा, पण दीड पानातलं बाकी सगळं हात करतात. जिथे हाताला काम देता येतं तिथले डायलॉग आधी कापा. जिथे माणूस मुद्दाम खोटं बोलतोय किंवा विषय टाळतोय तिथले ठेवा, ते कामाचे असतात.

दोन व्यवहाराच्या गोष्टी. हे कलाकार उघड्या मैदानात शेवटच्या माणसापर्यंत आवाज पोचवायची सवय असलेले असतात, कॅमेऱ्यासमोर पहिले दोन दिवस आवाज मोठाच लागणार. ओरडून 'कमी करा' म्हणू नका, कॅमेरा जवळ आहे हे त्यांना मॉनिटरवर एकदा दाखवा, ते झटकन धरतात. दुसरं म्हणजे जत्रांचा सीझन. कार्तिकापासून पावसाच्या तोंडापर्यंत ते रात्र रात्र नाटकं करत असतात, तेच त्यांचं पोट, तेव्हा त्या काळात सकाळी सहाचा कॉल टाइम लावून त्यांच्या झोपेवर फिल्म करू नका. पावसानंतर, गणपती आटोपले की दसऱ्यापासून दिवाळीपर्यंत जे दिवस मिळतात ते धरा, हिरवळही असते. जुन्या घरात शूट करणार असाल तर माजघरातलं काचेचं कौल बघून ठेवा, त्यातून येणारी तिरीप तासाभरात एका भिंतीवरून दुसऱ्या बाजूला जाते, डीओपीला आदल्या दिवशी तिथे नुसतं बसवा.

प्रश्न (सावंतवाडी): गोव्याच्या फिल्म बाजारला जायचं म्हणतोय. स्क्रिप्ट आहे, फिल्म नाही. गेलो तर काही उपयोग आहे का?

उत्तर: आहे, आणि तुमच्यापासून पणजी तर दीड-दोन तासांवर. एनएफडीसी (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) २००७ पासून हा बाजार भरवतंय, नोव्हेंबरात, इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या दिवसांत. नुसती स्क्रिप्ट असणाऱ्यांसाठी स्क्रीनरायटर्स लॅब आहे, पैसे आणि पार्टनर शोधणाऱ्यांसाठी को-प्रॉडक्शन मार्केट, आणि फिल्म अर्धवट एडिट झालेली असेल तर वर्क-इन-प्रोग्रेस लॅब. ह्या तिन्हींसाठी अर्ज काही महिने आधी करावा लागतो, नोव्हेंबरात जाऊन अर्ज मागितला तर उपयोग नाही. निवड झाली नाही तरी डेलिगेट म्हणून जाता येतं. पहिल्या वर्षी तसंच जा, कोणाला स्क्रिप्टचं बाड देऊ नका, लोक बाड ठेवून जातात. एका पानाचा सिनॉप्सिस इंग्रजीत, डायरेक्टर म्हणून तुम्हालाच ही गोष्ट का करायचीय याचं एक पान, आणि मोबाइलमध्ये तुमची शॉर्ट फिल्म, एवढं पुरे.

सरकारी अनुदानाचंही दोघा-तिघांनी विचारलंय. मराठी फिल्मला दर्जा ठरवून अनुदान मिळतं, अ दर्जाला ४० लाख आणि ब दर्जाला ३० लाख असे आकडे बरीच वर्षं चालत आलेत, पण ते फिल्म पूर्ण होऊन सेन्सॉर सर्टिफिकेट आल्यानंतर, परीक्षण समितीने बघितल्यावर. बजेटच्या कागदात ते जमेच्या बाजूला धरून कर्ज काढू नका. अर्जाच्या अटी बदलत असतात, चित्रनगरीच्या ऑफिसातून चालू वर्षाचा कागद मागवून घ्या.